हयातीचा दाखला

सिनेमात काही तरी घडले पाहिजे, अशी आपली सर्वांची पक्की समजूत आहे. कोणी तरी कोणाला भेटले पाहिजे, मग त्यांची ताटातूट झाली पाहिजे, मध्यंतराच्या आधी एखादे संकट यायला हवे आणि शेवटी सगळे मार्गी लागायला हवे. तिकिटाचे पैसे आपण या घडण्यासाठीच मोजलेले असतात. सिनेमा पाहून घरी आले की शेजारचे विचारतात, “काय स्टोरी आहे हो?” दोन वाक्यांत स्टोरी सांगता आली की विचारणाऱ्याचेही समाधान होते आणि सांगणाऱ्याचेही. ज्या सिनेमाची स्टोरीच सांगता येत नाही, तो एक तर पुरस्कारासाठी काढलेला असणार किंवा सरकारी खात्याचा असणार, असा निकाल लावून आपण चहा टाकतो.

आता एका अशा सिनेमाविषयी लिहायचे आहे, ज्यात अकरा वेळा एक पाळणा डोंगराच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जातो. बाकी काही घडत नाही. सिनेमाचे नाव ‘मनकामना’. स्टेफनी स्प्रे आणि पाचो वेलेझ या दोघांनी तो नेपाळमध्ये चित्रित केला आणि 2013 साली तो प्रदर्शित झाला. लांबी 118 मिनिटे. त्याच वर्षी स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नो महोत्सवात, नव्या दिग्दर्शकांसाठीच्या विभागात, त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. पारितोषिकामुळे त्याच्याकडे बघावे असे माझे म्हणणे नाही. ज्या गोष्टीकडे बघायची आपली सवय मोडत चालली आहे, तिच्याकडे तो दोन तास बघायला लावतो, म्हणून त्याच्याविषयी लिहावेसे वाटते.

देवीच्या वाटेवर

नेपाळच्या गुरखा जिल्ह्यात, सुमारे तेराशे मीटर उंचीवर, मनकामना भगवतीचे देऊळ आहे. नाव आपल्याला समजावून सांगायला नको. मनातली कामना पूर्ण करणारी ती मनकामना. देवीची आख्यायिका अशी की, गुरख्याच्या राणीच्या अंगी दैवी शक्ती होती आणि लखन थापा या एका भक्तालाच ते ठाऊक होते. राजाला ते कळले, राजा गेला, राणी सती गेली. पण जाताना लखन थापाला पुन्हा दर्शन देण्याचे वचन देऊन गेली. पुढे एका शेतकऱ्याच्या नांगराखाली दगड फुटला आणि त्यातून रक्त आणि दूध वाहू लागले. लखन थापाने पूजा केली तेव्हा ते थांबले. तिथले पुजारीपण आजही त्याच्याच मगर वंशाकडे आहे. दगडातून देव प्रकट होण्याच्या कथा आपल्याकडे गावोगाव आहेत, तेव्हा हे सारे आपल्याला परके वाटू नये.

पूर्वी या देवीला जायचे म्हणजे काही तासांची चढण होती. 1998 साली तिथे रोपवे झाला. खाली त्रिशूली नदीच्या काठी कुरिनटार नावाचे ठिकाण आहे. तिथे पाळण्यात बसायचे, पावणेतीन किलोमीटरच्या आसपास तारेवरून जायचे आणि दहाएक मिनिटांत हजार मीटर वर पोचायचे. देवीला बळी देण्याची प्रथा असल्याने कोंबडे आणि बकऱ्या यांचीही याच तारेवरून ने-आण होते. ‘ने-आण’ हा शब्द मात्र बकऱ्यांच्या बाबतीत लागू नाही. त्यांचे तिकीट एकेरीच असते.

या पाळण्यात, एका बाकावर, स्प्रे आणि वेलेझ यांनी कॅमेरा ठेवला. समोरच्या बाकावर प्रवासी. कॅमेरा जागचा हलत नाही, जवळ जात नाही, दूर जात नाही. खालच्या स्टेशनातून पाळणा सुटल्यापासून वरच्या स्टेशनात शिरेपर्यंत एक अखंड दृश्य. स्टेशनात अंधार होतो, त्या अंधारातच दृश्य बदलते, आणि पुन्हा उजेडात येतो तेव्हा समोरच्या बाकावर दुसरेच कोणी बसलेले असते. अशा अकरा फेऱ्या. आधीच्या चढणीच्या, नंतरच्या उतरणीच्या. देऊळ मात्र एकदाही दाखवलेले नाही. देवीच्या यात्रेवरचा सिनेमा आणि देवीचे दर्शन नाही! आमच्या पिढीतल्या यात्रेकरूला हे कमालीचे वाटेल, पण यात्रेचा विचार करताना आठवते ते पुष्कळदा वाटेवरचेच असते. गाभाऱ्यात तर आपल्याला पुढे ढकललेलेच असते.

या रचनेमागचे एक साधे कारण मला फार आवडले. सिनेमा 16 मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित केलेला आहे. त्या फिल्मचे चारशे फुटांचे एक रीळ सुमारे अकरा मिनिटे चालते. पाळण्याची फेरी दहाएक मिनिटांची. म्हणजे एका रिळात एक फेरी बरोबर मावते. सिनेमाचा आकार कोणा तत्त्वज्ञाने ठरवलेला नाही, तो रिळाच्या आणि तारेच्या लांबीने ठरवलेला आहे. ओवीची लांबी जात्याच्या फेऱ्याने ठरावी, तसेच हे.

दहा मिनिटांची माणसे

पहिल्या फेरीत एक म्हातारा आणि एक मुलगा. म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर सुरकुत्यांचे जाळे, मुलाच्या डोक्यावर टोपी. दोघे एक शब्दही बोलत नाहीत. म्हातारा बाहेर बघतो, मुलगा बाहेर बघतो, मग दोघेही आपापल्या आत कुठे तरी बघतात. खांब आला की पाळणा खडखडतो आणि दोघे जरासे सावरून बसतात. दुसऱ्या फेरीत एकटी बाई, हातात देवीसाठी फुले. तीही गप्प. म्हणजे सिनेमाची पहिली वीस-बावीस मिनिटे कोणी काही बोलतच नाही. चित्रपटगृहात खुर्च्या करकरू लागतात ती हीच वेळ.

तिसऱ्या फेरीत एक जोडपे येते, बरोबर कोंबडा. ही माणसे बोलू लागतात तेव्हा आपल्याला केवढे हायसे वाटते! बोलतात काय, तर खालची झाडे, घरे, आपण किती उंच आलो. लग्नाला पुष्कळ वर्षे झालेले नवरा-बायको प्रवासात जे बोलतात तेच. पुढे तीन म्हाताऱ्या येतात. त्यांना पायी चढून यायचे दिवस आठवतात. मग लांब केस वाढवलेली तीन तरुण पोरे, बरोबर मांजराचे एक पिल्लू. ती स्वतःचेच फोटो काढण्यात रंगून गेलेली. आणि मग बकऱ्या. बकऱ्यांसाठी वेगळा उघडा पाळणा आहे. त्याला काच नाही, बाक नाही. डोंगरवारा अंगावर घेत त्या उभ्या आहेत, इकडे तिकडे मान वळवताहेत. त्यांना काही कळते आहे की नाही, हा प्रश्न दहा मिनिटे आपल्या मानेवर बसून राहतो. कोणी निवेदक येऊन आपली सुटका करत नाही.

परतीच्या फेऱ्यांत दोन बायका आइसक्रीम खाताना दिसतात. एक वयस्क, दुसरी तिच्याहून लहान. आइसक्रीम वितळते, हातावर ओघळते, कुठून चाटावे ते समजत नाही, आणि दोघी हसू लागतात. जागतिक चित्रपटांत विनोदाचे नाना प्रकार पाहिले, पण या आइसक्रीमइतके निर्मळ हसू क्वचितच आले. दुसऱ्या एका फेरीत दोन सारंगीवाले. सारंगी हाताशी घेऊन ते ती सुरात लावत राहतात, आणि मग वाजवू लागतात. नेपाळमधला गंधर्व किंवा गाइने हा समाज गावोगाव सारंगीवर गाणी गात, बातम्या पोचवत फिरणारा. आपल्याकडच्या वासुदेव-गोंधळ्यांचा लांबचा भाऊबंद. जातीच्या उतरंडीत त्यांना खालची पायरी दिलेली. तंतुवाद्य सुरात लावणे ही किती संथ, किती एकाग्र क्रिया असते! मैफलीत आपण त्या वेळी शेजाऱ्याशी बोलून घेतो. इथे शेजारी कोणी नाही, आणि म्हणून ती क्रिया दिसते.

शेवटच्या फेरीत ते कोंबडावाले जोडपे परत येते. जाताना मांडीशी हलणारा तो जीव येताना जिवंत नाही. त्यावर कोणी काही म्हणत नाही. त्यांच्या लेखी ही चुकीची किंवा विशेष गोष्ट नाहीच. देवीचे देवीला दिले, आता घरी जायचे. आपल्या मनात मात्र जातानाची फेरी पुन्हा सुरू होते आणि आपण दोन्ही खाती ताडून बघू लागतो.

गोड आवाजाची सवय

असले काही बघायची आपल्याला सवय का नाही, याचाही विचार केला पाहिजे. माझ्या वयाच्या माणसांना अनुबोधपट म्हटले की फिल्म्स डिव्हिजन आठवते. 1948 साली स्थापन झालेली ही संस्था मुंबईच्या पेडर रोडवर होती. 2022 साली ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. मुख्य चित्रपटाआधी तिचा छोटा पट दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. त्या वेळात लोक बाहेर शेंगदाणे घेत. पडद्यावर धरणे बांधली जात, रोपे डोलत, आणि एक भारदस्त आवाज आपल्याला हे सर्व काय आहे ते सांगत असे. शेतकरी दिसला की आवाज म्हणे, हा शेतकरी. शेतकरी हसला की आवाज म्हणे, हा आनंदी आहे. शेतकऱ्याला स्वतः काही सांगायचे आहे का, हे विचारायला रिळात जागा नसे.

पण त्याच संस्थेतून वेगळ्या वाटेचे लोकही निघाले, हे विसरणे कृतघ्नपणाचे होईल. सुखदेव यांचा ‘इंडिया 67’ हा एका शब्दाच्याही निवेदनाशिवाय साऱ्या देशावरून फिरून येतो. मणी कौल यांनी 1980 साली केलेल्या ‘अरायव्हल’मध्ये माणसे, फळे-भाज्या, बकऱ्या-मेंढ्या असे सारेच मुंबईत येऊन पडते आणि आपण नुसते बघत राहतो, बघता बघता लक्षात येते की महानगराच्या दृष्टीने या सगळ्या आवकेत फारसा फरक नाही. त्याहून मागे जायचे, तर दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्रा’च्या आधी चौदा वर्षे, 1899 साली, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचे चित्रीकरण केले होते. म्हणजे मराठी माणसाने कॅमेरा पहिल्यांदा रोखला तो पुराणकथेवर नव्हे, समोर चाललेल्या गोष्टीवर. तोही नुसता बघण्याचाच आनंद होता. पुढे कथेने सगळी जागा व्यापली, त्याबद्दल तक्रार नाही. मी स्वतः कादंबऱ्या लिहून कथेचेच मीठ खाल्ले आहे. पण घरात थोरला भाऊ आहे हे धाकट्याने विसरू नये.

परदेशातही ही परंपरा आहे. रॉबर्ट गार्डनर यांनी काशीच्या घाटांवर ‘फॉरेस्ट ऑफ ब्लिस’ हा पट केला, तो 1986 साली आला. त्यातही निवेदन नाही आणि बोलण्याचे भाषांतरही नाही. रॉन फ्रिक यांचा 1992 सालचा ‘बराका’ पुष्कळांनी पाहिला असेल. तो भव्य आहे, 70 मिलिमीटरवर चित्रित केलेला, चोवीस देशांत फिरून आणलेला. पण त्यातली माणसे दिसतात न दिसतात तोच पुढचा देश येतो. जग पाहिल्याचे समाधान मिळते, माणूस पाहिल्याचे मिळतेच असे नाही. ‘मनकामना’ने उलट हिशेब केला. जग एका पेटीत बसवले आणि माणसाला दहा मिनिटे दिली.

बघण्याचा अधिकार

इथे एक शंका कोणीही घेईल, आणि घ्यावीच. दुसऱ्याच्या तोंडाकडे टक लावून बघणे आपल्याकडे असभ्य मानतात. त्यातून गरीब देशातल्या खेडवळ माणसांना पेटीत बसवून कॅमेरा रोखायचा आणि श्रीमंत देशांतल्या महोत्सवांत दाखवायचे, यात प्राणिसंग्रहालयाचा वास येत नाही का? शंका रास्त आहे. तिचे उत्तर सिनेमाच्या घडणीत आहे. स्टेफनी स्प्रे नेपाळमध्ये अनेक वर्षे राहून काम केलेल्या. नेपाळी बोलतात, तिथल्या गायक समाजावर त्यांनी आधीही पट केलेले आहेत. पाळण्यात बसलेल्यांपैकी बरेच जण त्यांच्या ओळखीचे होते आणि समोर कॅमेरा आहे हे सर्वांना माहीत होते. कॅमेऱ्यामागची दोन माणसेही त्याच पेटीत, त्याच तारेवर, त्याच उंचीवर बसलेली होती. तार तुटली असती तर सगळेच गेले असते. चोरून बघणे वेगळे आणि समोरासमोर बसून बघणे वेगळे.

शिवाय हा सिनेमा त्या माणसांविषयी काहीही सिद्ध करत नाही. ती बिचारी आहेत असे म्हणत नाही, ती सुखी आहेत असेही म्हणत नाही. त्यांची नावे पाळण्यात कोणी सांगत नाही, त्यांचे उत्पन्न सांगत नाही, देवीकडे ती काय मागणार आहेत हेही आपल्याला कळत नाही. मनकामना देवीच्या वाटेवर चाललेल्या प्रत्येकाच्या मनात काही तरी कामना असणार. मूल होऊ दे, मुलगा परदेशातून सुखरूप येऊ दे, दुखणे बरे होऊ दे. ती कामना चेहऱ्यामागे कुठे तरी आहे आणि आपल्याला दिसतो तो फक्त चेहरा. बघता बघता आपण अंदाज करणे सोडून देतो. एखाद्याविषयी अंदाज करणे सोडून देणे, ही त्याला दिलेली केवढी मोठी सवलत असते, हे ज्यांच्याविषयी सतत अंदाज केले जातात त्यांना विचारावे.

‘समक्ष हजर’

बँकेत पस्तीस वर्षे काढल्यामुळे मला या सिनेमाच्या संदर्भात एका कागदाची आठवण होते. पेन्शनरांना दर वर्षी नोव्हेंबरमध्ये हयातीचा दाखला द्यावा लागतो. माणूस जिवंत आहे, याचा पुरावा. आमच्या काळी त्यासाठी पेन्शनर स्वतः शाखेत येत. कोणी काठी टेकत, कोणी नातवाच्या खांद्यावर हात ठेवून, कोणी रिक्षातच बसून राहत आणि मग अधिकाऱ्याने बाहेर रिक्षापाशी जायचे. नियम असा की, अधिकाऱ्याने माणसाकडे बघायचे, पासबुकावरच्या फोटोकडे बघायचे, पुन्हा माणसाकडे बघायचे आणि लिहायचे की, अमुक इसम आज रोजी माझ्या समक्ष हजर असून हयात आहे. खाली सही, शिक्का, तारीख.

सरकारी कागदांत इतके थेट वाक्य दुसरे नसेल. कर्जाच्या अर्जात माणसाची ऐपत बघायची असते, खाते उघडताना ओळख बघायची असते. या एका कागदावर माणसाने फक्त असायचे असते. आणि अधिकाऱ्याचे काम फक्त बघण्याचे. एक निवृत्त शिक्षिका दर वर्षी यायच्या. नेसूचे लुगडे खास इस्त्रीचे, केसांत एखादे फूल. फोटो वीस वर्षांपूर्वीचा. मी फोटो बघत असे तेव्हा त्या ताठ बसत, जणू कॅमेऱ्यासमोर बसल्या आहेत. सही झाल्यावर विचारत, “आहे ना मी?” मी म्हणे, “आहात, बाई.” काउंटरवर गर्दी असली तरी तेवढे ऐकल्याशिवाय त्या उठत नसत. पेन्शनीचे पैसे महिन्याच्या महिन्याला येतच होते. नोव्हेंबरमध्ये त्या कशासाठी इतक्या सजून येत, ते मला पुष्कळ नंतर उमगले. आपण आहोत, हे दुसऱ्या माणसाने आपल्याकडे बघून सांगावे, यासाठी त्या येत होत्या.

2014 सालापासून हा दाखला डिजिटल झाला. ‘जीवन प्रमाण’ म्हणतात त्याला. आता तर मोबाइलच्या कॅमेऱ्यासमोर चेहरा धरला, डोळे मिचकावले की काम होते. ज्यांचे गुडघे गेले आहेत त्यांना रांगेतून सोडवणारी ही सोय आहे आणि तिला नावे ठेवणे निव्वळ कृतघ्नपणा ठरेल. यंत्र चेहरा अचूक ताडते, माझ्याहूनही अचूक. पण ताडणे आणि बघणे यांत फरक आहे. यंत्राला “आहे ना मी?” असे विचारता येत नाही.

आपल्या अवतीभवतीचे समोरासमोर बसण्याचे एकेक ठिकाण असेच सोयीच्या पोटात गेले आहे. काउंटर गेले, तिकिटाची खिडकी गेली, वाण्याच्या दुकानातली फळी गेली. लोकलच्या डब्यात समोरचा बाक अजून आहे, पण त्या बाकावरची सर्व डोकी खाली झुकलेली आहेत आणि आपलेही. घरात तर याहून बिकट. रविवारी सगळे घरी असतात, म्हणजे एका छपराखाली असतात. आजोबा कोपऱ्यात आरामखुर्चीत असतात. त्यांना चहा मिळतो, औषध मिळते, वर्तमानपत्र मिळते. त्यांच्याकडे बघतो मात्र कोणी नाही. गैरहजर कोणीच नाही, पण कोणी कोणाच्या समक्ष हजरही नाही.

रीळ आणि रील

म्हणाल की, आज जितके चित्रीकरण होते तितके कधीच झाले नाही. प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. बारशापासून सूनमुखापर्यंत, पोह्यांच्या बशीपासून वारीतल्या रिंगणापर्यंत सगळे टिपले जाते. मग रोजचे जगणे दुर्लक्षित राहिले असे कसे म्हणता?

चारशे फुटांच्या रिळाला अकरा मिनिटे लागत. आजच्या ‘रील’ला अर्धा-एक मिनिट पुरते. शब्द जवळजवळ तोच, पण मधल्या काळात उलटे काम करू लागला. त्या रिळात माणूस आपण बघितला जातो आहोत हे हळूहळू विसरे. दोन मिनिटे अवघडे, तिसऱ्या मिनिटाला खिडकीबाहेर बघे, पाचव्या मिनिटाला त्याच्या चेहऱ्यावर स्वतःचाच विचार येई. आजच्या रीलमध्ये विसरायला सवडच नाही. माणूस सुरुवातीपासून शेवटपर्यंत आपण बघितले जातो आहोत हे लक्षात ठेवूनच असतो. जगण्याचे चित्रण होते ते त्यातल्या ठळक क्षणांचे. मधले सगळे, म्हणजे खरे तर आयुष्याचा नव्वद टक्के भाग, गाळलेल्या जागेसारखा राहतो. ‘मनकामना’ हा त्या गाळलेल्या जागांचा सिनेमा आहे. घरातून निघालो आहोत, देवीपाशी पोचलेलो नाही, मधल्या तारेवर आहोत.

आणि मधल्या तारेवरचे किती मोलाचे असते, हे पुढच्या एका घटनेने कळले. 25 एप्रिल 2015 रोजी नेपाळमध्ये 7.8 क्षमतेचा भूकंप झाला. त्याचा केंद्रबिंदू याच गुरखा जिल्ह्यात, बारपाक गावाजवळ होता. नेपाळमध्ये सुमारे नऊ हजार माणसे गेली, गावेच्या गावे ढिगाऱ्यात गेली. मनकामनेच्या देवळालाही तडे गेले. पुढे त्याचा जीर्णोद्धार झाला. हे ठाऊक असताना आज तो सिनेमा बघणारा प्रेक्षक त्या खिडकीबाहेरच्या डोंगरउतारांकडे, मक्याच्या शेतांकडे, पुसट दिसणाऱ्या घरांकडे निराळ्या नजरेने बघतो. सिनेमा करणाऱ्यांना यातले काही माहीत असणे शक्य नव्हते. त्यांनी फक्त एवढे नोंदवले की, भूकंपाच्या आधी एकदा ही माणसे, या डोंगरावरून, हसत, गप्प बसून, आइसक्रीम खात गेली. आज रोजी समक्ष हजर असून हयात. सही, तारीख.

काय करता येईल?

असे सिनेमे सर्वांना आवडतील असे मी म्हणणार नाही. पहिल्या वीस मिनिटांत कंटाळा येतो, हे खरेच आहे. पण तो कंटाळा ही दाराची कडी आहे. ती काढायला थोडे बळ लागते आणि ते बळ एकट्याने घरी, हाताशी मोबाइल ठेवून, येत नाही. त्यासाठी काळोख लागतो, शेजारी माणसे लागतात. पुण्यात चित्रपटसंग्रहालय आहे, चित्रपट प्रशिक्षणाची संस्था आहे. मुंबईत 1990 सालापासून अनुबोधपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव भरतो. गावोगाव ग्रंथालये आहेत, त्यांच्यापाशी एखादी खोली आणि पडदा असतो. महिन्यातून एकदा, प्रवेशमूल्य न ठेवता, असा एखादा पट दाखवायला फार मोठा निधी लागत नाही. शाळांनीही हे करून पाहावे. मुलांना कंटाळा येईल म्हणून शिक्षक घाबरतात. माझा अंदाज असा की, मुले बकऱ्यांच्या फेरीत मोठ्यांहून अधिक वेळ टिकतील. दूरदर्शनने आठवड्यातला एक तास निवेदन नसलेल्या पटांना दिला, तर जाहिराती बुडाल्याने सरकार कोसळणार नाही.

आणि यातले काहीच झाले नाही, तरी एक गोष्ट कोणत्याही घरात करता येते. त्याला फिल्म लागत नाही, पाळणा लागत नाही. घरातल्या एका माणसासमोर दहा मिनिटे बसायचे. काम सांगायचे नाही, उपदेश करायचा नाही, फोटो काढायचा नाही. आजी भाजी निवडत असेल तर तिची बोटे बघायची. मुलगा दप्तर भरत असेल तर तो ओठ कसे मुडपतो ते बघायचे. नवरा-बायकोंनी एकमेकांकडे बघायचे. पुष्कळ वर्षांत बघितलेले नसेल तर सुरुवातीला हसू येईल, ते येऊ द्यावे. पहिली दोन-तीन मिनिटे अवघड जातात. चौथ्या मिनिटाला समोरचे माणूस बहुधा विचारील, “काय बघतोस?” तेव्हा काय उत्तर द्यायचे ते ज्याचे त्याने ठरवावे.